डीएलएल सापडत नाही म्हणतंय? आधी ती फाईल कुणाची ते बघा

नवीन सॉफ्टवेअर टाकलं, आयकॉनवर डबल क्लिक केलं आणि समोर चौकट, की एमएसव्हीसीपी१४० डॉट डीएलएल सापडत नाही, प्रोग्राम परत इन्स्टॉल करून बघा. डीएलएल म्हणजे अनेक प्रोग्रामनी मिळून वापरायच्या तयार कोडची फाईल. मग बहुतेक जण त्या फाईलचं नाव सर्च करतात, कुठल्यातरी साईटवरून तेवढी एकच फाईल उतरवतात आणि विंडोजच्या सिस्टिम३२ फोल्डरमध्ये नेऊन टाकतात. मीपण एकदा हेच केलेलं, तर आधीचा एरर गेला आणि त्याच्या जागी ०एक्ससी०००००७बी असा आकडा येऊन बसला. प्रोग्राम ६४ बिटचा होता आणि मी आणलेली फाईल ३२ बिटची, हे कळायला दोन संध्याकाळी गेल्या. एकटी फाईल उचलून आणू नका असं मी सगळ्यांना कळकळीने सांगतो ते तेव्हापासून, पण का आणू नये हे नीट कळायला थोडं मागे जावं लागतं.

कोड एकदाच लिहून सगळ्यांनी वापरायचा ही गोष्ट बरीच जुनी. केंब्रिजला १९४९ मध्ये एडसॅक कॉम्प्युटर सुरू झाला तेव्हा मॉरिस विल्क्स, डेव्हिड व्हीलर वगैरे मंडळींनी नेहमी लागणारी गणितं छिद्रं पाडलेल्या कागदी टेपांवर तयार करून कपाटात ठेवली होती, ज्याला लागेल त्याने टेप घ्यायची आणि तिची कॉपी आपल्या प्रोग्रामच्या टेपवर करायची. म्हणजे लायब्ररी, तयार कोडचा साठा, सगळ्यांची, पण कॉपी प्रत्येकाची वेगळी. प्रोग्राम चालू झाल्यावर, गरज पडेल तेव्हा दुसरीकडचा कोड जोडून घ्यायचा हे १९६० च्या दशकात मल्टिक्स या ऑपरेटिंग सिस्टिममध्ये आलं.

विंडोजने हा मार्ग धरला तो मुख्यतः मेमरीसाठी. नोव्हेंबर १९८५ मध्ये विंडोजचं पहिलं व्हर्जन आलं ते २५६ केबी मेमरीत चालायला हवं होतं, आणि तेवढ्यात प्रत्येक प्रोग्रामने खिडक्या आणि मेनू काढायचा कोड स्वतःजवळ बाळगला असता तर दुसरा प्रोग्राम उघडताच आला नसता. त्यामुळे कॉमन कोड मेमरीत एकदाच ठेवायचा आणि सगळ्यांनी तोच वापरायचा. तेव्हाच्या परिस्थितीत हा निर्णय अगदी बरोबर होता असं माझं मत आहे.

गडबड झाली ती सेटअपमध्ये. विंडोज ३ आणि ९५ च्या काळात जवळपास प्रत्येक सेटअप आपल्याबरोबरच्या कॉमन फाईली विंडोजच्या सिस्टिम फोल्डरमध्येच टाकायचा, आधी तिथे असलेल्या फाईलचं व्हर्जन तपासायचं असा दंडक होता पण कित्येक सेटअप तो पाळायचे नाहीत, मग नव्या फाईलवर जुनी बसायची आणि कालपर्यंत नीट चालणारा दुसराच प्रोग्राम आज उघडायचा नाही, आणि वापरणाऱ्याला वाटायचं आपण तर त्याला हातही लावला नाही. यालाच लोक डीएलएल हेल म्हणायला लागले. काढतानाही तेच. विंडोज ९५ ने रजिस्ट्रीत, म्हणजे विंडोजच्या सेटिंगच्या नोंदवहीत, शेअर्डडीएलएल्स नावाखाली कोणती फाईल किती जण वापरतात याचा आकडा ठेवायला सुरुवात केली, अनइन्स्टॉल करताना तो आकडा शून्य झाला की विचारायचं, ही शेअर्ड फाईल आता कुणी वापरत नाही असं दिसतंय, काढू का? पण एखाद्या सेटअपने आकडा वाढवलेलाच नसेल तर 'होय' दाबल्यावर त्याचा प्रोग्राम गेलाच समजा.

मग दुरुस्त्या येत गेल्या. विंडोज ९८ मध्ये सिस्टिम फाईल चेकर आलं, आपण आजही एसएफसी स्कॅननाऊ ही कमांड चालवतो ते तेच. विंडोज २००० पासून महत्त्वाची सिस्टिम फाईल कुणी बदलली की विंडोज स्वतः मूळ फाईल परत आणून ठेवायला लागलं. २००१ मध्ये एक्सपीत विनएसएक्सएस फोल्डर आलं, एकाच डीएलएलची वेगवेगळी व्हर्जन शेजारी शेजारी ठेवायला. (जागा खातंय म्हणून त्यातल्या फाईली हाताने उडवू नका, त्यातल्या बऱ्याच फाईली हार्ड लिंक, म्हणजे एकाच फाईलची दुसरी नावं, असतात, आकार दिसतो तेवढी जागा अडलेली नसते.)

आपल्याला रोज भेटणारा एरर मात्र व्हिज्युअल सी प्लस प्लसच्या रनटाइमचा, म्हणजे मायक्रोसॉफ्टच्या त्या साधनाने बनवलेले प्रोग्राम चालायला लागणाऱ्या फाईलींचा. एकाच एमएसव्हीसीआरटी फाईलवर सगळ्यांनी अवलंबून राहायचं हे झेपेना, म्हणून २००२ पासून प्रत्येक व्हर्जनची रनटाइम फाईल वेगळ्या नावाची झाली. त्यामुळे नावातला आकडा वाचता आला की अर्धं काम होतं: १०० म्हणजे २०१० चं पॅकेज, ११० म्हणजे २०१२, १२० म्हणजे २०१३, आणि १४० म्हणजे २०१५ व त्यानंतरचं, कारण तिथून पुढे आकडा बदलला नाही. मग मायक्रोसॉफ्टच्या साईटवरून त्या वर्षाचं रिडिस्ट्रिब्युटेबल, म्हणजे हे रनटाइम टाकणारं पॅकेज, फुकट उतरवायचं आणि ६४ बिटच्या मशीनवर एक्स८६ (३२ बिट) आणि एक्स६४ (६४ बिट) दोन्ही टाकायची, कारण ३२ बिटचे प्रोग्राम अजून भरपूर आहेत. फोल्डरची नावं इथे फसवतात: ६४ बिट विंडोजवर सिस्टिम३२ मध्ये ६४ बिटच्या फाईली असतात आणि ३२ बिटच्या सिसवॉव६४ मध्ये, जुने प्रोग्राम सिस्टिम३२ हेच नाव धरून लिहिलेले म्हणून ते तसंच राहिलं. एसएफसीचा इथे उपयोग नाही, ते फक्त विंडोजच्या स्वतःच्या फाईली बघतं. डी३डीएक्स९_४३ मागितली तर ते डायरेक्टएक्सचं, म्हणजे गेम आणि ग्राफिक्ससाठीच्या मायक्रोसॉफ्टच्या लायब्ऱ्यांचं, जून २०१० चं रनटाइम, विंडोजबरोबर येणाऱ्या नव्या डायरेक्टएक्समध्ये ती फाईल नसते. आणि नावाच्या शेवटी जास्तीचा डी असेल, म्हणजे एमएसव्हीसीपी१४०डी, तर तुमच्याकडून काहीच चुकलेलं नाही, बनवणाऱ्याने डीबग बिल्ड, म्हणजे चुका शोधण्यासाठीची स्वतःची कॉपी, पाठवलाय, ती फाईल रिडिस्ट्रिब्युटेबलमध्ये येतच नाही, त्याच्याकडूनच रिलीज बिल्ड, म्हणजे लोकांना द्यायची कॉपी, मागून घ्या.

लिनक्सवर एरर वेगळा दिसतो पण दुखणं तेच, तिथे एसओ फाईलच्या (तिथली डीएलएलच) नावातच व्हर्जनचा आकडा असतो, एलडीडी ही कमांड चालवून काय कमी आहे ते बघायचं आणि पॅकेज मॅनेजरकडून ते पॅकेज टाकायचं.

आता डिस्क स्वस्त झाली, त्यामुळे बरीच ॲप लागणाऱ्या सगळ्या लायब्ऱ्या स्वतःबरोबरच घेऊन येतात, एडसॅकच्या टेपांसारखी ज्याची त्याची कॉपी. फाईल सापडत नाही ही तक्रार त्याने खरंच कमी झाली. पण सप्टेंबर २०२३ मध्ये लिबवेबपी या फोटो उघडणाऱ्या लायब्ररीत गंभीर सिक्युरिटी होल सापडलं तेव्हा क्रोम, फायरफॉक्स आणि इलेक्ट्रॉन (क्रोमचाच पाया वापरून ॲप बनवायचं साधन) वर बनलेली ढीगभर ॲप, ज्यांच्या पोटात तिची आपापली कॉपी होती, त्या प्रत्येकाला आपलं आपलं अपडेट काढावं लागलं.