करंगळीला टेकलेला अंगठा: ऑपोनन्स की ॲडक्टर?

सुरंगीच्या कळ्यांचा वळेसर ओवताना सुई अंगठ्याच्या आणि तर्जनीच्या टोकांत धरतात. ओवून झाल्यावर दोरा आवळायचा, तर तोच अंगठा तर्जनीच्या कडेवर दाबला जातो. पहिल्या पकडीत ऑपोनन्स पॉलिसिस हा स्नायू पुढे असतो, दुसरीत ॲडक्टर पॉलिसिस. दोघंही अंगठा तळहाताकडे आणतात, म्हणून शिकणाऱ्यांची इथे हमखास गल्लत होते. नुसती व्याख्या पाठ करून ती सुटत नाही. स्नायू कुठून निघून कुठे चिकटतो, हे बघावं लागतं.

ऑपोनन्स अंगठ्याच्या बुडाशी असलेल्या मांसल उंचवट्यात आहे, पण वरून सहज हाताला लागत नाही. त्याच्यावर ॲबडक्टर पॉलिसिस ब्रेव्हिस पसरलेला असतो. ट्रॅपेझियम हे मनगटाचं छोटं हाड आणि मनगटावरचा आडवा पट्टा, इथून ऑपोनन्स निघतो आणि अंगठ्याच्या मेटाकार्पलच्या, म्हणजे तळहातातल्या लांब हाडाच्या, बाहेरच्या कडेला चिकटतो. पेरांपर्यंत तो जातच नाही. त्यामुळे पेरं वाकवणं त्याच्या हातात नाही. तो अख्खं मेटाकार्पल पुढे ओढतो आणि ओढता ओढता फिरवतो. ट्रॅपेझियमवरचा सांधा खोगिराच्या आकाराचा असल्यामुळे हे फिरणं जमतं. माझ्या मते ऑपोनन्सचं सगळं मोल या फिरण्यात आहे.

ॲडक्टर त्या उंचवट्यात मोडत नाही, तो तळहातात खोल आहे. त्याची दोन मुळं. तिरकं मूळ कॅपिटेट हे मनगटाचं हाड आणि तर्जनी व मधलं बोट यांच्या मेटाकार्पलच्या बुडांपासून, आडवं मधल्या बोटाच्या मेटाकार्पलवरून. दोन्ही मिळून अंगठ्याच्या पहिल्या पेराच्या बुडाला, तर्जनीकडच्या बाजूने चिकटतात. काम एकच, अंगठा तर्जनीकडे ओढून जोरात दाबणं. किल्ली फिरवताना लागतो तो हाच जोर.

दोघांच्या नसाही (मज्जातंतू) वेगळ्या. ऑपोनन्सला सहसा मीडियन, ॲडक्टरला अल्नार.

आता खरी फसगत. अंगठा करंगळीला लावायला सांगितलं आणि तो पोचला, की ऑपोनन्स ठीक आहे असं पुष्कळजण धरून चालतात. पण ऑपोनन्स दुबळा असला तरी ॲडक्टर आणि अंगठा वाकवणारा लांब स्नायू मिळून तो तळहातावरून सरपटत करंगळीपर्यंत नेऊ शकतात. म्हणून पोचला की नाही यापेक्षा नख बघा. अंगठा तळहातापासून उचलून, वळून करंगळीसमोर आला, तर दोन्ही नखं जवळजवळ समांतर दिसतात. नुसता सरपटत गेला, तर त्याचं नख करंगळीच्या नखाला आडवं राहतं.

ॲडक्टरसाठी कागद पुरतो. अंगठा आणि तर्जनीची कड यांत तो धरायला सांगा आणि ओढा. ॲडक्टर दुबळा असेल तर अंगठ्याचं टोकाचं पेर वाकतं, कारण मीडियनवर चालणारा तो लांब स्नायू मदतीला धावतो. ज्यूल फ्रॉमाँ या फ्रेंच डॉक्टरांनी १९१५ मध्ये ही खूण मांडली. अजूनही ती त्यांच्याच नावाने ओळखतात.

कोकणात हातांवर कामाचा भार मोठा. जाळी विणणं, काजू सोलणं, रातांबे फोडणं, मासळी साफ करणं, हे सगळं अंगठ्यावर चालतं. त्यामुळे बधिरपणा आला की ‘कामाने हात अवघडला’ म्हणून दिवस ढकलले जातात, याची मला खरोखर काळजी वाटते. अंगठा, तर्जनी आणि मधलं बोट रात्री बधिर होत असतील, तर मनगटात मीडियन दाबली जात असण्याची शक्यता असते. पुढे अंगठ्याखालचा उंचवटा सपाट होऊ लागतो. करंगळी बधिर आणि हाताच्या पाठीवर अंगठा-तर्जनीमधला भाग खोलगट दिसत असेल, तर संशय अल्नारवर. ती कोपराशी दाबली जाऊ शकते, आणि कुष्ठरोगात सर्वाधिक इजा होणाऱ्या नसांपैकीही तीच. सोबत अंगावर स्पर्श न जाणवणारा फिकट चट्टा असेल तर लगेच प्राथमिक आरोग्य केंद्रात जावं. कुष्ठरोगाचं औषध तिथे मोफत मिळतं आणि नस कायमची निकामी होण्याआधी सुरू झालं तर अंगठ्याचा जोर वाचू शकतो.