श्रद्धेचं कुंपण कुठवर जातं?

समोर दोन वाट्या, ३० नाणी आणि दोन रंगांचा फासा. एक वाटी स्वतःची किंवा गावातल्या धर्मबंधूची, दुसरी दूर कुठेतरी राहणाऱ्या, कधीच न भेटलेल्या धर्मबंधूची. मनात एक वाटी धरायची आणि फासा टाकायचा. एक रंग आला तर धरलेल्या वाटीत नाणं, दुसरा आला तर उरलेलीत. मनात काय धरलं होतं ते कुणालाच दिसत नाही, म्हणजे लबाडीला रान मोकळं! फिजी, मॉरिशस, सैबेरिया अशा ठिकाणच्या ८ समाजांतले ५९१ जण हा खेळ खेळले. २०१६ साली ‘नेचर’ या विज्ञानपत्रिकेत निष्कर्ष छापून आला: आपला देव सगळं पाहतो आणि चुकलं की शिक्षा करतो असं ज्यांना जास्त वाटत होतं, त्यांच्याकडून दूरच्या वाटीत जास्त नाणी पडली.

छानच. पण तो अनोळखी आपल्याच देवाला मानणारा होता. कुंपण लांब सरकलं, निघालं नाही.

कुंपणापलीकडच्यांचं काय? मानसशास्त्रज्ञ जेरेमी गिंजेस आणि सहकाऱ्यांनी २००९ मध्ये पॅलेस्टिनी मुस्लिमांची पाहणी मांडली. आत्मघाती हल्ल्यांना असलेल्या पाठिंब्याचा संबंध माणूस किती वेळा प्रार्थना करतो याच्याशी दिसला नाही. मशिदीत किती वेळा जातो याच्याशी दिसला. पॅलेस्टिनी भागात वसलेल्या ज्यू वसाहतवाल्यांवरच्या प्रयोगातही तेच: सिनेगॉगची, म्हणजे ज्यूंच्या प्रार्थनास्थळाची, आठवण करून दिल्यावर पॅलेस्टिनींवरच्या हल्ल्याचं समर्थन जास्त, प्रार्थनेची आठवण दिल्यावर कमी.

माझ्या मते इथे देवापेक्षा जमावाचं वजन जास्त आहे. अडीनडीला धावून येणारी माणसंही याच जमण्यातून मिळतात, ही खरी पंचाईत. आणि गट पडायला धर्मच लागतो असंही नाही. मानसशास्त्रज्ञ हेन्री ताजफेल यांनी इंग्लंडच्या ब्रिस्टलमधल्या शाळकरी मुलांना ‘तुला क्लेची चित्रं आवडतात, तुला कँडिन्स्कीची’ एवढंच सांगितलं, तरी पैसे वाटताना मुलांनी आपल्या गटाला झुकतं माप दिलं.

गिंजेस यांच्याच गटाचा २०१६ चा अभ्यास मला जास्त बोलका वाटतो. पॅलेस्टिनी किशोरवयीनांना विचारलं: एका पॅलेस्टिनी माणसाचा जीव जाऊन काही मुलं वाचणार असतील, तर ते योग्य का? मुलं कधी मुस्लिम, कधी ज्यू. स्वतःचं मत देताना मुस्लिम मुलांचा जीव मोलाचा ठरला. मग तोच प्रश्न अल्लाहच्या नजरेतून पाहायला सांगितला, तेव्हा दोन्ही जिवांच्या मोलातलं अंतर घटलं. मिटलं मात्र नाही. अर्थात हा कागदावरचा पेच होता, रस्त्यावरचा नव्हे.