'फेरविचार करा' म्हणजे 'नोकरी द्या' नव्हे, आणि 'तेच पत्र परत पाठवा' तर नव्हेच

अनुकंपा काय असते ते खान्देशात घरोघर ठाऊक आहे. नोकरीत असताना माणूस गेला की वारसाचा ठरलेल्या मुदतीत अर्ज, गट-क किंवा गट-ड ची जागा, त्याआधी प्रतीक्षासूची. सफाई कामगारांची लाड-पागे वारसा पद्धत वेगळी, ती यात मिसळू नका.

अर्ज नाकारला की लोक कोर्टात जातात. घोळ होतो तो निकालानंतर. जळगाव, धुळे, नंदुरबारची प्रकरणं छत्रपती संभाजीनगरला जातात. शेवटच्या परिच्छेदात लिहिलेलं असतं: नकाराचा आदेश रद्द, अर्जाचा फेरविचार करावा. तापीकाठच्या एका मावशींनी एवढं ऐकून गल्लीत पेढे वाटले. "मना पोऱ्याले नोकरी लागनी!" लागली नव्हती. कोर्टाने चुकीचा नकार तेवढा खोडला होता. अनुकंपा हा हक्क नाही, कर्ता माणूस अचानक गेल्यावर घर सावरायची सोय आहे, हे सुप्रीम कोर्टाने 1994 साली उमेशकुमार नागपाल प्रकरणात सांगितलंय. म्हणून फाइल बहुतेकदा साहेबांच्याच टेबलावर परत येते.

कचेऱ्यांची चूक याच्या उलट, आणि मला तिचाच जास्त संताप येतो. मावशींना आलेलं दुसरं पत्र मी हातात घेऊन वाचलं: "आपला अर्ज नियमात बसत नसल्याने अमान्य करण्यात येत आहे." जावक क्रमांक नवा, तारीख नवी, मजकूर जुनाच. कोणता नियम? कोर्टाने ज्या मुद्द्यावर पहिला नकार पाडला, त्याचं काय? एक अक्षर नाही. याला फेरविचार म्हणायचं नाही.

फेरविचार करून पुन्हा नकार देता येतो, पण कोर्टाने दाखवलेल्या मुद्द्याला उत्तर देऊन. आणि कारण बदलायचं असेल, म्हणजे आधी 'अर्ज उशिरा आला' होतं आणि आता 'घरात दुसरा कमावता आहे' म्हणायचंय, तर त्याबद्दल गावातून मागवलेला अहवाल आधी वारसाच्या हातात द्या. त्याचं म्हणणं घ्या, मग ठरवा. त्याच्या पाठीमागे जमवलेल्या कागदावर त्याच्या पोटाचा निर्णय करायचा नसतो. दर वेळी समोर बोलावून सुनावणी घेतलीच पाहिजे असं नाही, लेखी खुलासा चालतो. पण खुलासा मागवून न वाचता फाइलला टाचून ठेवणं चालत नाही.

कारणं त्या आदेशातच हवीत. आदेशात नसलेलं कारण नंतर प्रतिज्ञापत्रात घालून तो सावरता येत नाही, हे सुप्रीम कोर्टाच्या 1977 च्या मोहिंदरसिंग गिल निकालापासून पक्कं आहे.

तेव्हा तेच पत्र पुन्हा आलं, तर विनंतीअर्ज घेऊन कचेरीच्या चकरा मारू नका. दोन्ही पत्रं आणि निकालाची प्रत एका पिशवीत घाला, वकील गाठा. मावशींनी दोन्ही पत्रं शेजारी ठेवून सारख्या ओळींखाली लाल पेनाने रेघा मारल्या. एकही ओळ रेघेवाचून उरली नाही.