हॅचबॅक मोटारीचा प्रत्यक्ष इंधनवापर

रोजचा रस्ता, रोजचे ओझे आणि रोजचा चालक अशा परिस्थितीत हॅचबॅक मोटार ठरावीक अंतरासाठी जेवढे इंधन जाळते, तो तिचा प्रत्यक्ष इंधनवापर होय. भारतात तो किलोमीटर प्रतिलिटर या एककात सांगण्याची रीत असून बोलण्यात त्यालाच मायलेज किंवा ॲव्हरेज म्हणतात. मागचा दरवाजा काचेसकट वर उचलला जाणारी आणि सामानाची जागा प्रवाशांच्या जागेला जोडून असलेली ही आखूड मोटार १९८३ साली आलेल्या मारुती ८०० पासून भारतीय मध्यमवर्गाच्या परिचयाची झाली. पुण्याजवळ पिंपरीत तयार होणारी टाटा इंडिका १९९८ साली आली. लांबी ४ मीटरच्या आत आणि पेट्रोल एंजिन १,२०० घन सेंमी.च्या आत असणाऱ्या मोटारींना २००६ पासून करात सवलत मिळू लागल्याने या वर्गाचा साचा पक्का झाला. हलके वजन आणि लहान एंजिन हे या मोटारीचे बलस्थान आहे. मात्र त्यामुळेच तिचा इंधनवापर परिस्थितीनुसार मोठ्या मोटारीपेक्षा अधिक हेलकावतो. एकच मोटार एका घरात २२ चे मायलेज देते आणि दुसऱ्या घरात १४ चे, आणि बहुतेक वेळा दोन्ही घरे खरे सांगत असतात.

जाहीर आकडा : विक्रीपत्रकात छापलेला आकडा प्रयोगशाळेतला असतो. १९६६ साली स्थापन झालेली, पुण्यातील वेताळ टेकडीवरची ऑटोमोटिव्ह रिसर्च असोसिएशन ऑफ इंडिया (एआरएआय) ही अशा चाचण्या घेणारी सर्वांत परिचित संस्था. तिच्या नावावरूनच या आकड्याला ‘एआरएआय मायलेज’ म्हणतात. चाचणीत मोटार रस्त्यावर धावत नाही. तिची चाके डायनॅमोमीटर या रस्त्यासारखा भार देणाऱ्या यंत्राच्या रुळांवर जागच्या जागी फिरतात, चालक पडद्यावरच्या आलेखाप्रमाणे वेग राखतो आणि धुराड्यातून निघालेल्या वायूंमधील कार्बन मोजून किती इंधन जळले ते काढले जाते. वेग कमी-जास्त करण्याचा हा ठरलेला क्रम म्हणजे चालनचक्र. भारतीय चालनचक्र १,१८० सेकंदांचे असून त्यात सुमारे १०.६ किमी. अंतर कापले जाते. सरासरी वेग ताशी ३२ किमी.च्या आसपास आणि कमाल वेग ताशी ९० किमी. असतो. शून्यापासून ५० किमी.चा वेग गाठायला त्यात सुमारे २५ सेकंद दिलेले असतात. इतक्या सबुरीने कोणी सिग्नलवरून निघाला, तर मागच्या रिक्षावाल्याचा हॉर्न थांबणार नाही. शिवाय चाचणीत वातानुकूलन यंत्र बंद असते आणि चढ, खड्डे किंवा मागच्या आसनावरचे तीन पाहुणे यांपैकी काहीही नसते. २०२४ साली आलेल्या मॅन्युअल गिअरच्या मारुती स्विफ्टचा जाहीर आकडा २४.८० किमी. प्रतिलिटर आहे. या वर्गातल्या मोटारीला मोठ्या शहराच्या गर्दीत एसी लावून १३ ते १७ किमी. मिळणे मुळीच असामान्य नाही.

हा आकडा खोटा म्हणून टाकून देणे मात्र चूक ठरेल. सर्व मोटारींना एकच परीक्षा दिलेली असल्यामुळे दोन मोटारींची तुलना करण्यास तो उपयोगी पडतो. घरखर्चाचा अंदाज बांधायला तो उपयोगाचा नाही, इतकेच. २०२२-२३ पासून प्रत्येक उत्पादकाच्या एकूण विक्रीची सरासरी दर किलोमीटरला ११३ ग्रॅम कार्बन डाय-ऑक्साइडपर्यंत आणण्याचे उद्दिष्ट लागू आहे. पेट्रोलच्या भाषेत ते लिटरला जवळजवळ २१ किमी. होते. हा हिशेबही चाचणीतल्या आकड्यांवरच चालत असल्याने एंजिनाची जुळवणी करताना चाचणीतले वेग आणि भार अभियंत्यांच्या नजरेसमोर असतात. भारतीय चक्र ज्या युरोपीय चक्रावरून घेतले, ते युरोपने २०१७ पासून टप्प्याटप्प्याने सोडले आणि १,८०० सेकंदांची, ताशी १३१ किमी.पर्यंत जाणारी अधिक कडक चाचणी स्वीकारली. तेथेही जाहीर आकडा आणि रस्त्यावरचा आकडा यांतली दरी फार रुंदावल्याची तक्रार होतीच.

ऊर्जेचा हिशेब : एक लिटर पेट्रोलमध्ये सुमारे ३२ मेगाज्यूल ऊर्जा असते. तिचा बराच मोठा भाग धुराड्यावाटे आणि रेडिएटरवाटे उष्णता होऊन निघून जातो आणि चाकांपर्यंत पाचवा ते चौथा हिस्सा पोहोचतो. हा हिस्सा कोठे खर्च होतो हे कळले की उरलेल्या बाबी आपोआप उलगडतात. चालक आणि एका प्रवाशासह १,०५० किग्रॅ. भरणारी हॅचबॅक घेऊ. टायर रस्त्यावर दबून पुन्हा फुलताना होणाऱ्या विरोधासाठी तिला सुमारे १०० न्यूटन बल लागते आणि वेग वाढला तरी ते फारसे बदलत नाही. हवेचा विरोध मात्र वेगाच्या वर्गाच्या प्रमाणात वाढतो. ताशी ६० किमी.ला तो टायरांच्या विरोधाच्या जवळपास असतो, ८० ला २०० न्यूटनच्या थोडा वर जातो आणि १०० ला ३२० च्या पुढे. सपाट रस्त्यावर ताशी ८० किमी.चा वेग राखायला म्हणून जेमतेम ७ किलोवॉट म्हणजे ९-१० अश्वशक्ती पुरते. १०० ला तीच गरज १६ अश्वशक्तीवर जाते. द्रुतगती मार्गावर ताशी १०० ऐवजी ८० किमी.ने जाणाऱ्याला दर किलोमीटरला चौथ्या हिश्शाहून अधिक कमी ऊर्जा लागते. इंधनातली बचत त्याहून काहीशी कमी दिसते, कारण हलक्या भारावर एंजिनाची कार्यक्षमताही थोडी उतरते. तरीही महामार्गावर इतकी मोठी बचत दुसऱ्या कोणत्याही एका उपायाने होत नाही.

शहरात हवेचा विरोध नगण्य ठरतो आणि ब्रेक हा मुख्य खर्च होतो. ताशी ५० किमी. वेगाने जाणाऱ्या वरील मोटारीत सुमारे १०० किलोज्यूल गतिज ऊर्जा साठलेली असते. ब्रेक दाबून मोटार थांबवली की ती सगळी ब्रेकच्या चकत्या तापवण्यात जाते आणि पुन्हा तोच वेग गाठायला साधारण १४ मिली. पेट्रोल जळते. अशा ७० थांब्यांत एक लिटर संपते. त्यात थांबून राहण्याची भर पडते. लहान पेट्रोल एंजिन जागच्या जागी चालू राहिले तर तासाला अर्धा ते पाऊण लिटर खाते. हिंजवडीहून सुटलेल्या मोटारीला संध्याकाळी बारा किलोमीटरसाठी तास लागला आणि त्यातला अर्धा वेळ ती उभीच राहिली, तर सुमारे ३०० मिली. पेट्रोल एक इंचही पुढे न सरकता संपलेले असते. त्यामुळे कोंडीतला इंधनवापर अंतरापेक्षा वेळेवर अधिक अवलंबून असतो आणि दोन किलोमीटर लांबचा पण वाहता रस्ता अनेकदा स्वस्त पडतो.

वातानुकूलन यंत्राचा परिणामही याच कारणाने शहरात जास्त जाणवतो. मे महिन्याच्या उन्हात तापलेली मोटार थंड करताना कॉम्प्रेसर दोन-तीन किलोवॉट ओढू शकतो. महामार्गावर सात किलोवॉटच्या शेजारी हा वाटा ठीक वाटतो, पण कोंडीत मोटार पुढे ढकलायला लागणाऱ्या सरासरी शक्तीइतकाच तो होऊन बसतो. मोठ्या एंजिनाच्या मोटारीत हेच ओझे मूळच्या मोठ्या खर्चात विरघळून जाते. आधी काचा उघडून कोंडलेली गरम हवा बाहेर काढणे आणि मग एसीवर आतलीच हवा फिरवणे, एवढ्याने त्याचे काम बरेच हलके होते. कमी वेगात उघड्या काचांनी काही बिघडत नाही, पण महामार्गाच्या वेगाला त्या हवेचा विरोध वाढवतात आणि तेथे काचा लावून एसी चालवणेच शहाणपणाचे ठरते.

घाट हा महाराष्ट्रातल्या मोटारधारकाचा वेगळा अध्याय. खोपोलीहून लोणावळ्याला चढताना मोटार सुमारे ५५० मीटर वर जाते. तेवढी उंची गाठण्यासाठी वरील मोटारीला नेहमीच्या खर्चाखेरीज साधारण ०.६ ते ०.८ लिटर पेट्रोल लागते. मुंबईहून पुण्याला येतानाचे आणि पुण्याहून मुंबईला जातानाचे मायलेज वेगळे का येते, याचे उत्तर याच चढाच्या बोरघाटात आहे. उतारावर न्यूट्रल टाकून पेट्रोल वाचवण्याची सवय कार्ब्युरेटरच्या, म्हणजे हवेच्या ओढीने पेट्रोल मिसळणाऱ्या जुन्या यंत्रणेच्या काळातली आहे. इंधन-अंतःक्षेपण (संगणकाच्या हुकमाने इंधन मोजून फवारणे) असलेल्या आजच्या एंजिनात मोटार गिअरमध्ये असताना ॲक्सिलरेटरवरून पाय काढला, की एंजिनाच्या ठरावीक फेऱ्यांच्या वर इंधनाचा पुरवठा पूर्ण बंद होतो, कारण चाकेच एंजिन फिरवत असतात. न्यूट्रलमध्ये मात्र एंजिन जिवंत ठेवायला इंधन जाळावेच लागते. म्हणजे न्यूट्रल टाकणारा इंधनही घालवतो आणि एंजिनाचा ब्रेकही गमावतो. घाटात सगळा भार ब्रेकवर आला की ते तापून निकामी होण्याचा धोका असतो, ही बाब इंधनाच्या हिशेबापेक्षा कितीतरी गंभीर आहे.

मोजणी : भरवशाची पद्धत जुनीच आहे. टाकी नोझल आपोआप बंद होईपर्यंत भरावी, अंतराचा ट्रिपमीटर शून्यावर आणावा, टाकी बरीच रिकामी झाल्यावर शक्यतो त्याच पंपावर त्याच रीतीने पुन्हा भरावी आणि धावलेल्या अंतराला दुसऱ्या वेळी भरलेल्या लिटरने भागावे. नोझल बंद होण्याची पातळी दर वेळी थोडी मागेपुढे होते, म्हणून एका टाकीवरून निष्कर्ष न काढता चार-पाच टाक्यांची बेरीज घेणे इष्ट. डॅशबोर्डवरचा आकडा संगणकाने अंतःक्षेपणाच्या वेळेवरून काढलेला अंदाज असतो आणि पुष्कळ मोटारींत तो प्रत्यक्षापेक्षा उदार निघतो. मूळ मापापेक्षा मोठ्या व्यासाचे टायर बसवले असल्यास मोटार खरे तर अधिक धावते आणि मीटर कमी दाखवतो.

किलोमीटर प्रतिलिटर या एककातही एक फसगत दडलेली आहे. मायलेज १२ वरून १५ झाले तर दर १०० किमी.ला १.६७ लिटर वाचते, पण २० वरून २५ झाले तर अवघे एक लिटर वाचते. वाढलेले किलोमीटर दुसऱ्या उदाहरणात जास्त आहेत, वाचलेले पैसे पहिल्यात. आधीच २२ देणाऱ्या मोटारीतून २४ काढण्याच्या खटपटीपेक्षा शहरातल्या १२ चे १४ करणे अधिक लाभाचे असते. अनेक देशांत दर १०० किमी.ला किती लिटर असा उलटा आकडा देतात, त्यात ही अडचण येत नाही.

बचतीचे उपाय : वरील हिशेबातून चालवण्याची रीत ठरते. पुढचा सिग्नल लाल दिसताच पाय उचलून मोटार गिअरमध्येच मंदावू देणे, पुढच्या वाहनापासून ब्रेक कमी लागेल एवढे अंतर ठेवणे आणि वरचा गिअर लवकर टाकणे यांत शहरातली बहुतेक बचत सामावलेली आहे. वेग अगदी रेंगाळत वाढवण्याची गरज नसते. पेट्रोल एंजिन मध्यम भारावर अधिक कार्यक्षम असल्यामुळे ॲक्सिलरेटर निम्म्याच्या आसपास दाबून गिअर पटापट वर नेणे चालते. हानी होते ती जोरात पळवून लगेच ब्रेक दाबण्याने. फार कमी फेऱ्यांवर वरच्या गिअरात एंजिन घुसमटू लागले, तर मात्र गिअर खाली घ्यावा. लांबच्या थांब्यात एंजिन बंद करणे हितकारक असते आणि काही मोटारींत हे काम आपोआप होते. थंड एंजिनावरच्या दोन-तीन किलोमीटरच्या फेऱ्या सर्वांत महाग पडतात, कारण तेल घट्ट असते आणि मिश्रणात पेट्रोल जादा सोडले जाते. दूध, शाळा आणि बँक अशा तीन वेगळ्या खेपा एकत्र केल्याने होणारी बचत कोणत्याही चालनकौशल्यापेक्षा मोठी असू शकते. सकाळी एंजिन जागेवर पाच मिनिटे तापवत ठेवल्याने काही मिळत नाही. अर्ध्या मिनिटात निघून पहिले दोन किलोमीटर सौम्य चालवले की पुरे.

टायरमधली हवा चालकाच्या दारालगतच्या पट्टीवर दिल्याप्रमाणे ठेवावी आणि ती टायर थंड असताना तपासावी. ५ पीएसआय (हवेच्या दाबाचे एकक) हवा कमी असली तर साधारण १ ते २ टक्के इंधन जास्त लागते, शिवाय टायर कडांनी झिजतो. देखणेपणासाठी बसवलेले रुंद टायर हा खर्च कायमचा वाढवून ठेवतात. चार-पाच माणसे बसली तर आठ-नऊशे किलोच्या मोटारीचे वजन तिसऱ्या हिश्शाने वाढते. माणसांना उतरवता येत नाही, पण डिकीत महिनोन्महिने पडून राहिलेली पोती आणि टपावरचा रिकामा कॅरियर काढता येतो. एंजिनातले तेल मोटारीच्या उत्पादकाने सांगितलेल्या पातळ प्रतीचेच असावे. जाड तेल एंजिनाला ‘बळ’ देते ही समजूत आजच्या लहान एंजिनांना लागू नाही.

काही सल्ले वारशाने चालत आले आहेत. हवेची गाळणी चोंदली की मायलेज पडते हे कार्ब्युरेटरच्या मोटारीत खरे होते. अमेरिकेतील ओक रिज राष्ट्रीय प्रयोगशाळेने २००९ साली आधुनिक मोटारींवर केलेल्या चाचण्यांत चोंदलेल्या गाळणीमुळे वेग पकडण्याची क्षमता घटली, पण इंधनवापरात लक्षणीय फरक पडला नाही. गाळणी बदलावी ती एंजिनासाठी. महागड्या जादा ऑक्टेनच्या पेट्रोलमध्ये जास्त ऊर्जा नसते. ज्या एंजिनाला त्याची गरज नाही, त्यात मायलेज वाढावे असे त्यात काहीही नाही.

इंधनाची जात : इथेनॉलमध्ये लिटरमागे सुमारे २१ मेगाज्यूल ऊर्जा असते, म्हणजे पेट्रोलच्या दोनतृतीयांश. महाराष्ट्रातले साखर कारखाने पेट्रोलमध्ये इथेनॉल मिसळण्याच्या ज्या कार्यक्रमाला ते पुरवतात, त्याने २०२५ साली २० टक्क्यांची पातळी गाठली. नीती आयोगाच्या २०२१ च्या आराखड्यात मूळ शुद्ध पेट्रोलसाठी बनवून १० टक्के मिश्रणाला जुळवलेल्या चारचाकींची इंधनक्षमता २० टक्के मिश्रणावर ६ ते ७ टक्क्यांनी, तर १० टक्क्यांसाठी बनवून २० टक्क्यांना जुळवलेल्यांची १ ते २ टक्क्यांनी घटेल असा अंदाज दिला होता. जुन्या मोटारीचे मायलेज अलीकडे उतरले असेल, तर कारण शोधताना ही घट आधी वजा करावी. सीएनजीचा आकडा किलोमागे दिलेला असतो आणि एक किलो सीएनजीत सुमारे दीड लिटर पेट्रोलइतकी ऊर्जा असल्याने सीएनजीचे ३४ आणि पेट्रोलचे २४ यांची थेट तुलना करता येत नाही. तेथे दर किलोमीटरचा रुपयांतला खर्चच पाहावा लागतो. डिझेल हॅचबॅक २०२० मध्ये धुराच्या प्रदूषणाची बीएस-६ ही कडक मानके आल्यानंतर बाजारातून जवळजवळ दिसेनाशा झाल्या आणि २०२५ मध्ये नव्या डिझेल हॅचबॅकसाठी टाटा अल्ट्रोझ हाच पर्याय उरला होता.