काती ओउतिनेन : एका स्थिर चेहऱ्याची पार्श्वभूमी

मे २००२ मध्ये कान महोत्सवातलं सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचं पारितोषिक काती ओउतिनेन या फिनिश अभिनेत्रीला मिळालं. परीक्षक मंडळाचे अध्यक्ष होते डेव्हिड लिंच. चित्रपट होता फिनिश दिग्दर्शक आकी कौरिस्माकी यांचा 'द मॅन विदाउट अ पास्ट', आणि भूमिका साल्वेशन आर्मी या ख्रिस्ती सेवाभावी संस्थेत काम करणाऱ्या इर्माची. ही इर्मा आवाज चढवत नाही, हुंदके देत नाही, मोजकंच बोलते. पडद्यावरही ती नायकापेक्षा कमी वेळ दिसते. तरी त्या वर्षीच्या स्पर्धेतल्या सगळ्या अभिनेत्रींमधून परीक्षकांनी तिला निवडलं.

ओउतिनेन यांच्याविषयी जिथे जिथे लिहिलं जातं तिथे 'भावशून्य चेहरा' हे शब्द हमखास भेटतात. मला हे वर्णन त्यांच्यावर अन्याय करणारं वाटतं. तो चेहरा उत्तरेकडच्या थंडीतून आपोआप आलेला नाही आणि दिग्दर्शकाने बहाल केलेलाही नाही. एका नटीने तो घडवला आहे. या घडणीमागे फिनलंडच्या रंगभूमीचा मोठा इतिहास आहे, एक वादळी नाट्यशाळा आहे आणि देशाला हादरवून टाकणारी आर्थिक मंदीही आहे.

सुरुवात रंगभूमीपासून करायला हवी, कारण फिनलंडमध्ये नाटक हा भाषेच्या अस्मितेचा प्रश्न होता. १८०९ पर्यंत हा प्रदेश स्वीडनच्या ताब्यात होता, पुढे १९१७ पर्यंत रशियाच्या. शिकल्यासवरल्या वर्गाची भाषा स्वीडिश, शेतकऱ्या-कष्टकऱ्यांची फिनिश. फिनिश भाषेत गंभीर नाटक होऊ शकतं हेच अनेकांना पटत नव्हतं. मे १८६९ मध्ये आलेक्सिस किवी यांच्या 'लेआ' या नाटकाचा हेलसिंकीत प्रयोग झाला. तिथून फिनिश रंगभूमीची सुरुवात मानतात. त्यातली मुख्य भूमिका केली होती हेडविग रा-विंटरहेल्म या स्वीडिश अभिनेत्रीने, मुद्दाम फिनिश संवाद शिकून. १८७२ मध्ये कार्लो बेरिबूम यांनी 'फिनिश थिएटर' ही मंडळी उभी केली. राजधानीऐवजी पोरी या किनाऱ्यावरच्या गावात तिचा पहिला प्रयोग झाला. तिथूनच इदा आलबेर्ग ही फिनिश रंगभूमीची पहिली मोठी नटी पुढे आली. १८८० मध्ये तिने इब्सेनच्या 'अ डॉल्स हाउस'मधली नोरा साकारली, म्हणजे मूळ नाटक छापून आल्यानंतर काही महिन्यांतच. १९०२ मध्ये हेलसिंकीच्या रेल्वे स्थानकाशेजारच्या चौकात राष्ट्रीय रंगमंदिराची दगडी वास्तू उभी राहिली. ती आजही तिथेच आहे.

याला समांतर आणखी एक प्रवाह वाहत होता, कामगारांच्या नाटकाचा. गावोगावच्या कामगार संघटनांची स्वतःची सभागृहं होती आणि त्यांत हौशी नाटकं होत. ताम्पेरे या गिरण्यांच्या शहरातलं कामगार रंगमंदिर १९०१ पासून चालू आहे. कारखान्यातली बाई, मोलकरीण, विक्रेती यांना रंगमंचावर गंभीरपणे उभं करण्याची सवय फिनलंडला शंभर वर्षांपासून आहे. ओउतिनेन यांच्या भूमिकांकडे पाहताना हे ध्यानात ठेवावं लागतं.

काती ओउतिनेन यांचा जन्म १७ ऑगस्ट १९६१ चा, हेलसिंकीचा. १९८० मध्ये तापिओ सुओमिनेन यांचा फिनिश तरुणांवरचा 'तेल्टा तुल्लान, एलेमा!' हा चित्रपट आला. 'आलो रे आम्ही, आयुष्या!' असं त्या नावाचं मराठी करता येईल. शाळेने ओवाळून टाकलेली, 'वर्तन सुधारण्या'च्या वेगळ्या वर्गात बसवलेली मुलं, रस्त्यांवरचं भटकणं आणि पंक संगीत हा त्याचा ऐवज. ओउतिनेन त्यात लिस्सू नावाची फटकळ, टणक मुलगी झाल्या. तो चित्रपट एका पिढीचा होऊन बसला. वयाच्या विशीच्या आतच त्यांचा चेहरा देशाच्या ओळखीचा झाला आणि तो त्या वेळी चांगलाच बोलका होता.

त्यानंतर त्या हेलसिंकीच्या नाट्य अकादमीत शिकायला गेल्या. त्या काळात तिथे योउको तुर्क्का या दिग्दर्शकाचा अंमल होता. १९८२ ते १९८५ तो संस्थेचा प्रमुखच होता. नटाने शरीर पणाला लावावं, घाम गाळावा, ओरडावं, थकून कोसळेपर्यंत धावावं, सभ्यपणाचं कवच फोडून आतलं बाहेर काढावं ही त्याची शिकवण. त्याच्यामुळे फिनिश अभिनय मुळापासून ढवळून निघाला. कित्येक विद्यार्थी त्याला गुरू मानत, कित्येकांना ती पद्धत क्रूर वाटे. त्या वातावरणाची धग पुढेही टिकली. १९८७ मध्ये अकादमीतल्या काही विद्यार्थ्यांनी ओउलू शहरातल्या नाट्यमेळाव्यात प्रेक्षकांवर चक्क विष्ठा फेकली आणि देशभर गदारोळ उठला.

ओउतिनेन याच शाळेत घडल्या, पण त्यांना कोणी 'तुर्क्काच्या नटी' म्हणत नाही. मला त्यांच्या कारकिर्दीतला हा सर्वांत महत्त्वाचा धागा वाटतो. ज्या शाळेत सगळं बाहेर फेकायला शिकवलं जात होतं तिथली एक विद्यार्थिनी पुढे सगळं आत धरून ठेवण्यासाठी जगभर नावाजली गेली. आत धरायचं तर आधी आत काही असावं लागतं आणि शरीरावर ताबा लागतो. तो ताबा तालमीच्या खोलीत घाम गाळूनच येतो. स्थिर उभं राहणाऱ्या ओउतिनेन यांच्या खांद्यांकडे, मानेकडे, हातांकडे पाहिलं की हे शरीर किती तयार आहे ते कळतं.

१९८६ मध्ये त्यांची गाठ कौरिस्माकींच्या सिनेमाशी पडली. 'शॅडोज इन पॅरेडाइज'मध्ये त्या इलोना नावाच्या सुपरमार्केटमधल्या कॅशियर होत्या आणि मात्ती पेल्लोनपा हे नट कचरागाडीवरचा निकांदर. पुढच्याच वर्षी 'हॅम्लेट गोज बिझनेस'मध्ये ओफिलिया. कौरिस्माकींची पद्धत तुर्क्काच्या अगदी उलटी. तालमी जवळपास नाहीत, टेक कमीत कमी, बऱ्याचदा पहिलाच टेक अंतिम. नटाने 'अभिनय' करायचा नाही, हातवारे तर नाहीतच. शिवाय त्यांची पात्रं बोलतात ती छापील पुस्तकातल्यासारखी फिनिश. बोलीभाषा आणि ग्रांथिक भाषा यांतलं अंतर फिनिशमध्ये बरंच मोठं आहे, त्यामुळे कचरा उचलणारा माणूस ग्रांथिक वाक्यं बोलू लागला की त्या बोलण्याला एक प्रतिष्ठा येते. नटासाठी मात्र हे अवघड. सहजपणाचा आधार काढून घेतलेला असतो आणि तरीही वाक्य खरं वाटायला हवं. ओउतिनेन यांच्या तोंडी ते खरं वाटतं.

मग १९९० चा 'द मॅच फॅक्टरी गर्ल'. माझ्या लेखी हे त्यांचं सर्वश्रेष्ठ काम. सत्तर मिनिटांहूनही छोटा चित्रपट. सुरुवातीला कितीतरी वेळ फक्त यंत्रं दिसतात. ओंडका सोलला जातो, त्याच्या पट्ट्या होतात, पट्ट्यांच्या काड्या, काड्यांच्या पेट्या. यंत्रांच्या त्या रांगेच्या शेवटी दोन हात येतात, लेबलं नीट चिकटली आहेत का ते तपासणारे, आणि मग ईरिसचा चेहरा. पहिलं संभाषण ऐकू यायला बराच वेळ जातो. घरी आई आणि सावत्र बाप टीव्हीसमोर बसलेले. टीव्हीवर १९८९ च्या जूनमधल्या तिआनमेन चौकाच्या बातम्या. स्वयंपाक ईरिसने करायचा, पगारही तिनेच आणून द्यायचा. नाचघरात बाकावर बसलेल्या बायका एकेक करून नाचायला उठत जातात, तिला कोणी विचारत नाही. एकदा ती पगारातून स्वतःसाठी एक झगा घेते, तर बाप थोबाडीत मारतो.

या थोबाडीनंतर ओउतिनेन काय करतात ते पाहण्यासारखं आहे. चेहरा जवळपास हलत नाही, पण नजर खाली जाते आणि श्वास किंचित थांबतो. अपमान गिळण्याची सवय असलेली माणसं असंच करतात. पुढे ईरिस ज्याच्यापासून गर्भार राहते तो पुरुष तिला झिडकारतो, घरचे बाहेर काढतात आणि ती उंदराचं औषध विकत घेते. विष कालवतानाही तिचा चेहरा तोच, पण आता त्याचा अर्थ बदललेला. इतका वेळ जी सहनशीलता वाटत होती ती निर्णय झालेली असते. एकाच चेहऱ्यातून दोन टोकांचे अर्थ निघतात, मधली वाट प्रेक्षकाने स्वतः चालायची असते. भावशून्य चेहऱ्याने हे साधलं नसतं.

१९९४ चा 'टेक केअर ऑफ युअर स्कार्फ, तात्याना' हा कृष्णधवल, साठच्या दशकातला प्रवासपट. त्यात पुन्हा पेल्लोनपा सोबतीला, ओउतिनेन एका एस्तोनियन बाईच्या भूमिकेत. दोघं एकमेकांशी जेमतेम बोलतात आणि तरी शेवटी सोबत राहतात. ही त्यांची पडद्यावरची शेवटची जोडी ठरली. जुलै १९९५ मध्ये पेल्लोनपा अवघ्या ४४ व्या वर्षी गेले.

त्यांच्या जाण्याने ओउतिनेन यांच्या वाट्याला एक वेगळीच जबाबदारी आली. कौरिस्माकी तेव्हा 'ड्रिफ्टिंग क्लाउड्स'ची तयारी करत होते. नोकरी गमावणारा हॉटेलचा मुख्य वेटर ही भूमिका पेल्लोनपांसाठी होती. आता तो वेटर बाई झाला आणि इलोना हे पात्र ओउतिनेन यांच्याकडे आलं. इलोना आणि तिच्या नवऱ्याचं एक मूल वारलेलं आहे. घरातल्या कपाटावर त्याचा फोटो आहे आणि इलोना त्याच्याकडे बघते. तो फोटो लहानपणच्या मात्ती पेल्लोनपांचा आहे. जवळपास दहा वर्षं सोबत काम केलेल्या सहकलाकाराच्या जागी उभं राहून, त्याच्याच बालपणाकडे बघत तो शॉट द्यायचा होता.

या चित्रपटामागची मंदी समजून घेतल्याशिवाय इलोना नीट कळत नाही. ऐंशीच्या दशकाच्या शेवटी फिनलंडमध्ये कर्जाचा सुकाळ होता, जमिनींचे आणि शेअर्सचे भाव फुगले होते. १९९१ मध्ये सोव्हिएत संघ कोसळला आणि फिनलंडची मोठी हुकमी बाजारपेठ गेली. त्यातच बँका अडचणीत आल्या, चलनाची किंमत घसरली, परकीय चलनात कर्ज घेतलेले बुडाले. १९९० मध्ये ३ टक्क्यांच्या आसपास असलेली बेकारी चार वर्षांत १६-१७ टक्क्यांवर गेली. शांततेच्या काळात एखाद्या श्रीमंत युरोपीय देशावर आलेली ती फार मोठी आपत्ती होती. १९९६ मध्ये चित्रपट आला तेव्हा तो पाहणाऱ्या जवळपास प्रत्येकाच्या ओळखीत एखादी इलोना होती.

इलोना 'दुब्रोव्निक' या जुन्या रेस्तराँची मुख्य वेटर. नवरा लौरी ट्राम चालवतो, घरात हप्त्यांवर घेतलेला टीव्ही. आधी त्याची नोकरी जाते, मग रेस्तराँ विकलं जातं आणि तिचीही. वयाच्या ३८ व्या वर्षी तिला म्हातारी ठरवून नोकरी नाकारली जाते. या सगळ्यात ओउतिनेन यांनी इलोनाची कॉलर कधी चुरगळू दिलेली नाही. टुकार बारमध्ये काम करावं लागतं तेव्हाही ती तिथे अशी वागते की जणू मागे मोठं स्वयंपाकघर आणि दहा माणसं आहेत. कामाचा अभिमान म्हणजे काय, हे याहून स्पष्ट मी पडद्यावर क्वचितच पाहिलं आहे. शेवटी जुन्या मालकिणीच्या पैशावर नवं रेस्तराँ उघडतं आणि त्याचं नाव ठेवलं जातं 'काम'. मालकिणीच्या भूमिकेत एलिना सालो आहेत, ज्या ईरिसची निष्ठुर आई होत्या.

१९९९ मध्ये युहानी आहो यांच्या १९११ च्या कादंबरीवरचा 'युहा' आला, तोही मूकपट. संवादच नसलेल्या चित्रपटात ओउतिनेन यांनी मार्या या तरुण बायकोचं भोळेपण आणि पुढची फरफट चेहऱ्यावर मोकळेपणाने मांडली. त्यांचा चेहरा हलतच नाही असं मानणाऱ्यांनी हा चित्रपट जरूर पाहावा.

त्यानंतर इर्मा. मार खाऊन स्मृती गेलेला माणूस बंदराजवळच्या लोखंडी कंटेनरमध्ये राहतो, इर्मा गरिबांना सूप वाढते. दिवसभर गणवेशात ताठ वावरणारी ही बाई रात्री वसतिगृहातल्या खोलीत एकटी पडून रॉक अँड रोल ऐकते. या एका दृश्यात तिचं सबंध न जगलेलं तारुण्य कळतं. चित्रपटाला कानमध्ये ग्राँ प्री हे दुसऱ्या क्रमांकाचं पारितोषिक मिळालं, पुढे ऑस्करचं नामांकनही.

त्याच २००२ मध्ये ओउतिनेन हेलसिंकीच्या नाट्य अकादमीत अभिनयाच्या प्राध्यापक झाल्या आणि २०१३ पर्यंत तिथे शिकवत राहिल्या. तुर्क्काच्या वादळात जिथे शिकल्या तिथेच. सोबत रंगभूमीवरचं काम, नाट्यलेखन, टीव्ही हेही चालू राहिलं. परदेशी प्रेक्षकाला त्या कौरिस्माकींच्या नायिका म्हणून माहीत आहेत, फिनलंडमध्ये त्या त्याहून कितीतरी अधिक आहेत.

२०११ च्या 'ल आव्र'मध्ये त्या फ्रेंच बोलल्या. आजारपण नवऱ्यापासून लपवणाऱ्या बायकोची ती भूमिका, पात्राचं नाव आर्लेती. त्या नावाची थोर फ्रेंच अभिनेत्री होऊन गेली. २०१७ च्या 'दि अदर साइड ऑफ होप'मध्ये त्यांचा प्रवेश अगदी छोटा आहे. कपड्यांचं दुकान चालवणारी बाई धंद्याला कंटाळली आहे, दुकान मोडून आता काय करणार तेही तिने ठरवलंय. मेक्सिको सिटीला जाऊन साके पिणार आणि हुला-हुला नाचणार, असं ती अत्यंत गंभीर चेहऱ्याने सांगते, आणि आपला त्यावर पूर्ण विश्वास बसतो.