टेकडीवरचं जंगल आणि मातीतला कार्बन-१३

पुण्यातल्या वेताळ टेकडीवर रोज भेटणारे एक काका परवा म्हणाले, "शिवाजी महाराजांच्या काळात इथे घनदाट अरण्य होतं. वाघ फिरायचे. सगळं इंग्रजांनी तोडलं." हे मी इतक्यांदा ऐकलंय की आता वाद घालत नाही, पायातला मोजा दाखवतो. त्यात कुसळं रुतलेली असतात. कुसळी हे उन्हातलं गवत, दाट सावलीत ते तग धरत नाही.

मग जंगल मोजतात कसं? डेहराडूनची भारतीय वन सर्वेक्षण संस्था १९८७ पासून साधारण दर दोन वर्षांनी अहवाल काढते. एक हेक्टर किंवा त्याहून मोठ्या जागेवर, वरून पाहता, झाडांच्या माथ्यांनी १० टक्के जमीन झाकली असली की ते वनाच्छादन. झाड कुठलं, जमीन कुणाची, हे विचारायचं नाही. आंब्याची बाग चालते, टेकडीवर मुद्दाम लावलेलं मध्य अमेरिकेतलं गिरिपुष्पही चालतं. निव्वळ गवताचा माळ मात्र या हिशेबात वनच नाही. त्यामुळे माळावर झाडं लावली की 'जंगल वाढलं' अशी बातमी होते. २०१९ साली राज्यात तेहतीस कोटी झाडं लावायचं लक्ष्य होतं. आकडा तेहतीस कोटीच का, हे वेगळं सांगायला नको!

उपग्रह आजचं सांगतो. कालचं विचारायचं तर मातीला, आणि माझा जीव त्यातच अडकलेला आहे.

हवेतल्या कार्बनचे सुमारे १.१ टक्के अणू जरा जड असतात, तो कार्बन-१३. बाकी जवळजवळ सगळा कार्बन-१२. झाडाच्या पानात कार्बन डायऑक्साइड पकडणारं विकर (एन्झाइम) म्हणजे रुबिस्को. मंडईत ढिगातून टोमॅटो निवडणाऱ्या गिऱ्हाइकासारखं ते चोखंदळ, हलके अणू उचलतं आणि जड बरेचसे सोडून देतं. कुसळी, मारवेल अशा उष्ण प्रदेशातल्या गवतांची तऱ्हा निराळी. तिथे दुसरंच एक विकर फारशी निवड न करता वायू पकडतं आणि त्यातला कार्बन शिरांभोवतीच्या बंद पेशींत पोचवतं. रुबिस्को आत बसलेलं असतं. कोंडलेल्या खोलीत आलेला माल जवळपास सगळाच संपवायचा, मग निवडणार काय? म्हणून कार्बन-१३ चं प्रमाण एका प्रमाणित नमुन्याशी ताडलं तर झाडांचं मोजमाप उणे २७ प्रतिसहस्रच्या आसपास येतं, म्हणजे नमुन्यापेक्षा हजारी २७ ने कमी; या गवतांचं उणे १३च्या. पानं, मुळं कुजून मातीत मिसळली तरी ही खूण बरीचशी टिकते. खड्डा खणून थराथराची माती तपासायची. वर उणे २५ आणि अर्ध्या मीटरखाली उणे १५ निघालं, तर वरची झाडी अलीकडची आणि खाली जुनं माळरान. थराचं वय कार्बन-१४ या किरणोत्सारी कार्बनवरून काढतात, त्याचं अर्धायुष्य ५,७३० वर्षं, म्हणजे तेवढ्या काळात तो निम्मा उरतो.

आपल्याकडे घोडं अडतं ते काळ्या मातीत. उन्हाळ्यात तिला भेगा पडतात, वरची माती खाली जाते, थर कालवले जातात. टेकडीवर तर मुरमावर वीतभर माती. शिवाय कुजताना आकडा एक-दोन प्रतिसहस्र सरकतोच.

मग दुसरे साक्षीदार बघायचे. २०२५ मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासाने जुन्या मराठी साहित्यातले आणि लोकगीतांतले वनस्पतींचे उल्लेख गोळा केले. त्यातून पश्चिम महाराष्ट्रातली माळरानं किमान ७५० वर्षं जुनी असल्याचं दिसतं. पाऊसही तेच सुचवतो. घाटातल्या ताम्हिणीत हजारो मिलिमीटर, पुण्यात सातशेच्या आसपास, पूर्वेला बारामती तालुक्यातल्या सुप्याकडे त्याहून कमी; म्हणजे पूर्वेकडे जावं तसं दाट जंगलापेक्षा माळालाच जास्त वाव. जुनी झाडी बघायची तर मुळशी-भोरच्या देवराया बघाव्यात. तिथला देव कोपत नाही, पण त्याच्या धाकाने कुऱ्हाड थांबली हे खरं.

काकांनी हे सगळं शांतपणे ऐकलं. म्हणाले, "म्हणजे वाघ नव्हते?"

लांडगे असावेत, मी म्हटलं. आणि चिंकारे. ते सुप्याच्या मयूरेश्वर अभयारण्यात आजही दिसतात, जेमतेम पाच चौरस किलोमीटर माळावर.