के. के. महाजन
महाजन, केवल कृष्ण : (१९४४ – १३ जुलै २००७). हिंदी व बंगाली समांतर (व्यावसायिक मुख्य प्रवाहाबाहेरच्या) चित्रपटांचे भारतीय छायालेखक. आडनावावरून मराठी वाटले तरी ते पंजाबी, जन्म गुरदासपूरचा. मराठी मुलखाशी नाते मात्र खरे होते. पुण्यात ‘प्रभात’च्या जुन्या आवारातील फिल्म इन्स्टिट्यूटमधून १९६६ मध्ये ते छायालेखन शिकून बाहेर पडले आणि पुढे मुंबईत स्थिरावले.

तीनच वर्षांत त्यांच्याकडे मृणाल सेन यांचा ‘भुवन शोम’, बासू चॅटर्जींचा ‘सारा आकाश’ आणि मणी कौल यांचा ‘उसकी रोटी’ असे तीन चित्रपट आले. तिघांची चित्रभाषा तीन तऱ्हांची. ‘भुवन शोम’मध्ये सौराष्ट्रातल्या वाळूच्या टेकड्यांवर कॅमेरा खेळकरपणे हिंडतो. ‘सारा आकाश’मध्ये आग्र्याच्या जुन्या घरात तो जिने, गच्ची आणि बोळांतला कोंडमारा टिपतो. ‘उसकी रोटी’त तर जवळजवळ हलतच नाही. तिथे २८ (रुंद दृश्य टिपणारे) व १३५ (दूरचे जवळ आणणारे) मिलिमीटरच्या दोनच भिंगांवर काम भागवले आहे : सुरुवातीला एक नायिकेच्या प्रत्यक्ष जगण्यासाठी, दुसरे तिच्या मनातल्यासाठी, पुढे ही वाटणी मुद्दाम सैल होत जाते. बसथांब्यावर भाकरी घेऊन ताटकळणाऱ्या बाईचे ते कृष्णधवल पंजाब आजही डोळ्यांपुढून हलत नाही.

सेन यांच्या ‘इंटरव्ह्यू’मध्ये (१९७१) ट्राममधला नायक थेट प्रेक्षकांशी बोलू लागतो आणि कॅमेरा धरलेले महाजनच पडद्यावर दिसतात. छायालेखकाला असे भर गर्दीत उघडे पाडणे भारतीय पडद्यावर विरळाच.

कुमार शहानींच्या ‘माया दर्पण’मध्ये (१९७२) त्यांनी रंगांनाच कथनाचे काम दिले. त्याच सुमारास ‘पिया का घर’, ‘रजनीगंधा’ आणि ‘छोटी सी बात’ हे बासूदांचे हलकेफुलके चित्रपटही तेच टिपत होते. मुंबईतल्या चाळीच्या खोल्या, बसची रांग, टॅक्सीच्या खिडकीतून मागे सरणारा रस्ता : स्टुडिओतल्या चकचकाटाला सरावलेल्या हिंदी पडद्यावर हे शहर त्यांनी रोजच्या उजेडात आणले. समीक्षक समांतर चित्रपटांवर भरभरून लिहितात आणि या चित्रपटांतले छायालेखन ‘साधे’ म्हणून सोडून देतात, हे अन्यायाचे आहे.

‘सारा आकाश’, ‘उसकी रोटी’, ‘माया दर्पण’ आणि ‘कोरस’ (१९७४) या चार चित्रपटांसाठी त्यांना छायालेखनाचे राष्ट्रीय पुरस्कार मिळाले. सेन यांच्या ‘एक दिन प्रतिदिन’, ‘खारिज’, ‘खंडहर’ आणि शहानींच्या ‘तरंग’, ‘कस्बा’ या चित्रपटांचे छायालेखनही त्यांचेच. मुंबईत त्यांचे निधन झाले.